अकरा सेकंदांची रोटी

रश्मी खोब्रागडे युद्धावर जाते आणि रोट्या शूट करून आणते, असं मी चारचौघांत सांगतो. ती चिडते, पण यात खोटं काही नाही. गेली नऊ वर्षं ती जिथे गोळीबार चालू असतो तिथे जाते आणि बंदूक फ्रेममध्ये आली की कॅमेरा खाली करते. बंदुका दाखवणारे पुष्कळ आहेत, म्हणते. त्या गल्लीत दळण कुठे मिळतं, शाळा कुठल्या तळघरात भरते, लग्नं कशी लागतात, हे कोण दाखवणार? ती पत्रकार आहे, माहितीपट करते, आणि घाटकोपरला वडिलांबरोबर राहते. वर्षातले चार महिने ती नेमक्या कुठल्या गल्लीत असते हे वडिलांना, त्या बिचाऱ्या भाऊरावांनाही धड ठाऊक नसतं.

मी सुयोग. ती जे आणते ते मी जोडतो. मरोळच्या औद्योगिक वसाहतीत पहिल्या मजल्यावर माझा गाळा आहे. खाली प्लास्टिकची झाकणं बनवणारा कारखाना, त्याची दिवसभर ठकठक. म्हणून मी कानावर हेडफोन चढवून बसतो आणि लोकांना वाटतं माणूस फार तल्लीन झालाय. मी मुळात चिडका आहे. आई म्हणते, हे बापाकडून आलंय. वडील गिरणी बंद पडल्यावर जे चिडले ते शेवटपर्यंत चिडलेलेच होते, पण त्यांच्याकडे निदान कारण होतं.

या खेपेला रश्मी ज्या गावाहून आली त्याचं नाव मी सांगणार नाही. देशाचंही नाही. राग मानू नका, का सांगत नाही ते पुढे कळेल. त्या गावात दोन वर्षांपासून गॅस येत नव्हता. म्हणून एका गल्लीतली जुनी, बंद पडलेली भट्टी लोकांनी पुन्हा पेटवली. बायका घरी पीठ मळायच्या, जाड रोट्या थापायच्या, लाकडी फळीवर मांडून भट्टीवर न्यायच्या, आणि तिथला म्हातारा त्या भाजून द्यायचा. रश्मीनं सतरा दिवस ती भट्टी शूट केली. रीतसर परवानगी घेऊन, उघडे चेहरे. सगळी गल्ली तिथे हसायला, भांडायला आणि एकमेकींच्या सुनांबद्दल बोलायला यायची.

फिल्मचा दुसरा धागा त्याच गल्लीतल्या एका तळघरात होता. तिथे एक बाई बोलत होती. एका पहाटे गल्लीतली सहा माणसं उचलून नेली, ते तिनं खिडकीच्या फटीतून पाहिलं होतं, आणि नेणाऱ्यांपैकी दोघांना ती त्यांच्या लहानपणापासून ओळखत होती. हे ती पहिल्यांदाच कोणाला तरी सांगत होती. ते दोघं अजून गावातच होते, रोज भट्टीवरून जायचे. बोलणारी बाई कोण हे त्यांना कळलं असतं तर तिचं काय झालं असतं, ते मी सांगायला नको. बोलण्याआधी तिनं रश्मीला एवढंच विचारलं होतं, की मी ओळखू येणार नाही ना? रश्मीनं तिचा हात हातात घेऊन सांगितलं होतं, "मावशी, तुझी सावलीसुद्धा कोणाला ओळखता येणार नाही."

शब्द दिला तिनं आणि पाळायचा होता मी. मी काही कमी केलं नाही. चेहरा झाकला, आवाज बदलला, बोटातली अंगठी पुसली. भिंतीवरचा ओलीचा डाग एखाद्या नकाशासारखा दिसत होता, तोही काढला. तळघराची खिडकी डावीकडून उजवीकडे नेली. एवढं केलं की रश्मी म्हणाली, "अरे, थोडी बाईसुद्धा ठेव!" मग गोरेगावच्या स्टुडिओतल्या तीन मुरलेल्या मित्रांना फिल्म दाखवली आणि विचारलं, या बाईबद्दल काय सांगता येईल? तिघंही म्हणाले, काही नाही. माझी छाती इंचभर फुगली.

आणि त्या मुलाखतीत एक शॉट होता, अकरा सेकंदांचा. बाई बोलता बोलता गप्प होते. तिच्या पुढ्यात, फडक्यावर, चहाच्या पेल्याशेजारी एक रोटी. खिडकीचा उजेड तिच्यावर पडलाय. बस्स. बाईनं ती रश्मीसाठी ठेवली होती, पाहुणचार म्हणून. रश्मीला तो शॉट नको होता, उगाच सुंदर वाटतो म्हणाली. मी दोन दिवस तिच्याशी भांडलो. म्हटलं, लोकांना श्वास घ्यायला जागा हवी, आणि दोन वर्षं युद्धात काढून ही बाई पाहुण्याला रोटी देते, यापेक्षा मोठं काय आहे तुझ्या फिल्ममध्ये? शेवटी ती कंटाळून ठेव म्हणाली.

गुरुवारी आम्ही फिल्म परदेशातल्या चॅनलला पाठवली. शनिवारी संध्याकाळी आपल्याकडच्या साडेसातला ती लागणार होती, आणि ती त्या गावातही दिसणार होती. मुद्दाम. गल्लीला आपली भट्टी बघायची होती.

शनिवारी दुपारी मी बोरीवलीला घरी होतो. आई, म्हणजे विमलाबाई, नुकतीच गणपतीहून परत आली होती आणि माझ्याशी मोजकंच बोलत होती. चाळीस वर्षांत पहिल्यांदा मी गणपतीला गावी गेलो नव्हतो. आरतीला तुझी जागा रिकामी होती, हे तिनं मला तीन वेळा, तीन वेगवेगळ्या सुरांत ऐकवून झालं होतं. जेवणं झाल्यावर ती म्हणाली, "ज्याच्यासाठी गणपतीला आला नाहीस ते तरी दाखव. बघू दे काय दिवे लावलेत."

आईला मी माझं काम सहसा दाखवत नाही. ती टीव्हीवरच्या मालिका बघताना पात्रांना शिव्या घालते आणि मध्येच उठून कुकर लावते. पण म्हटलं, राग तरी जाईल. लॅपटॉप टीव्हीला जोडला आणि सोफ्यावर मागे टेकून फोन बघत बसलो.

आईनं कुकर लावला नाही. भट्टी दिसल्यापासून ती पुढे सरकून बसली. म्हातारा भट्टीवाला सांगत होता, घराघराची खूण वेगळी, डोळे बांधले तरी बोटानं चाचपून सांगेन कोणाची रोटी ते. आई म्हणाली, "बरोबर." जणू त्याचा जबाब नोंदवून घेत होती. मग हिरव्या ओढणीतली एक तरुण मुलगी फळी घेऊन आली आणि कॅमेऱ्याकडे बघून हसली. मळलंय सासूबाईंनी, मी नुसती हमाल, म्हणाली. आई खुदकन हसली. म्हणाली, "चांगली आहे रे पोरगी."

एकतिसाव्या मिनिटाला तळघर आलं. बाई बोलली, गप्प झाली, माझी अकरा सेकंदं सुरू झाली.

"ही त्या पोरीची सासू ना रे?" आई म्हणाली.

मी फोनमधून मान वर केली. "कुठल्या पोरीची?"

"ती हमाल पोरगी. हिरव्या ओढणीतली."

"आई, या बाईचं तोंडच दिसत नाहीये. कोण आहे ते कोणालाच कळू नये म्हणून महिनाभर राबलोय मी."

"तोंड घेऊन काय करतलंय? तिची भाकरी दिसता ना!" आई चिडली की मालवणीवर येते. "तीन बोटां नि बाजूक आडवी रेघ. तिच्या फळीर सगळे तशेच होते. तुका दिसूक नाय? तुम्हीच लिहिलंत ना खाली, घराघराची खूण वेगळी म्हणून?"

मी मागे नेलं. बाराव्या मिनिटावर थांबवलं. हिरवी ओढणी, फळी, फळीवर सोळा रोट्या, प्रत्येकीवर तीन बोटं आणि आडवी रेघ. परत एकतिसाव्यावर आलो. पेल्याशेजारी एक रोटी, तीन बोटं आणि आडवी रेघ. त्या उजेडात तर अशी स्वच्छ की हात लावून बघावी. आणि त्याच्या आधी सासूबाईंनी मळलंय हे वाक्य आम्हीच सबटायटलमध्ये टाकलेलं. खून कोणी केला हे सांगून वर पत्ता द्यावा, तसं आम्ही करून ठेवलं होतं.

खोटं कशाला सांगू, पहिल्यांदा मनात आलं ते हे की, आईनं हे बघितलंच नसतं तर बरं झालं असतं. दुसऱ्या क्षणी स्वतःचीच शरम वाटली.

"एवढं काय झालं?" आई म्हणाली. "पांढरा पडलास."

मी तिला सांगितलं. ती बाई काय बोलली आहे, आणि कोणाबद्दल. आई ऐकत राहिली. मग हळू आवाजात म्हणाली, "अरे देवा. तिची तर सगळी गल्ली ओळखणार. आमच्या चाळीत चाळीस घरं होती. दिवाळीत नानकटाईचे ट्रे बेकरीत भाजायला जायचे. चिठ्ठ्या लावून काय उपयोग, चिठ्ठी भट्टीत जळते. म्हणून प्रत्येकीची खूण. शेजारच्या नंदाच्या घरची काट्याची, माझी अंगठा नि मधोमध जिऱ्याचा दाणा. दहा वर्षांनी जरी कोणाच्या बशीत दिसली असती ना, तरी मी सांगितलं असतं कोणाच्या घरची ते."

बायका हे बघणार हे आम्हाला सुचलंच नव्हतं. मी, रश्मी, गोरेगावचे ते तीन शहाणे, आम्ही सगळे चेहरे बघत बसलो होतो. भट्टीवर रोटी नेण्याची पाळी आमच्यातल्या एकावरही कधी आली नव्हती.

मी रश्मीला फोन लावला. सांगताना मला दोनदा थांबावं लागलं. मग ती म्हणाली, "किती वाजले?"

"पावणेदोन."

"मी चॅनलला फोन करते. तू मरोळला पोच. आणि मावशींना घेऊन ये."

"आईला कशाला?"

"कारण आपल्याला दिसत नाही, सुयोग. आपल्याला दिसत नाही हे आत्ताच सिद्ध झालंय ना?"

आईला म्हटलं, चप्पल घाल. तिनं गॅस बघितला, चष्म्याचं घर घेतलं, एका डब्यात गावाहून आणलेले खाजे भरले. मी ओरडलो, "आई, डबा कशाला!" ती म्हणाली, "माणसं उपाशी राहून शहाणी होत नाहीत." रिक्षात मी सारखा घड्याळ बघत होतो. आई एकदाच बोलली. "तिका पोरगी आसा काय रे? त्या बायेक?" मला माहीत नव्हतं. महिनाभर मी त्या बाईचा डाग न् डाग पुसला होता आणि तिला मुलगी आहे का हे मला माहीत नव्हतं.

रश्मी आमच्या आधी पोचली होती. जिन्यात फोनवर बोलत उभी होती. चॅनलमध्ये शनिवारी एकच माणूस होता. कार्यक्रम मागे घ्यायचा अधिकार त्याच्याकडे नव्हता, ज्यांच्याकडे होता ते फोन उचलत नव्हते. पण साडेपाचच्या आत नवी फाइल आली तर मी ती स्वतः बदलतो, एवढं त्यानं कबूल केलं. जाहिरातीची तीस सेकंदं आठवडाभर फिरत होती. त्यात ती रोटी नव्हती, हे तिनं तोवर तीनदा तपासलं होतं. तिथे मी पहिला श्वास घेतला.

"तो शॉट माझा होता," मी म्हणालो. "तू नको म्हणत होतीस."

"शूट मी केलाय. तिच्या समोर बसून. ती रोटी मी खाल्ली पण आहे." रश्मीचा आवाज कापत होता. मी तिला तळघरात बॉम्बच्या आवाजात स्थिर कॅमेरा धरताना पाहिलंय, पडद्यावर का होईना. हे पहिल्यांदाच बघत होतो. "मी तिला म्हटलं होतं, तुझी सावलीसुद्धा..."

"वादावादी मागाहून करा," आई मध्ये पडली. "आधी तो पडदा लावा. आणि मोठं करा, मला लांबचं नीट दिसत नाही."

तर असं झालं की माझ्या खुर्चीत विमलाबाई बसल्या आणि मी त्यांच्या बाजूला स्टुलावर. रश्मी मागे उभी, वही घेऊन. सत्तावन्न मिनिटांची फिल्म, आई बघणार, ती थांब म्हणाली की मी थांबवणार. अकरा सेकंदं तर गेलीच. मग मुलाखतीचा लांबचा शॉट आला. "थांब. खाली. फडक्याच्या टोकाला." फ्रेमच्या अगदी कडेला रोटीची कोर होती, अर्धी रेघ दिसत होती. मी फ्रेम वर ओढली, कोर गेली. भट्टीजवळच्या ढिगात चाळीसेक रोट्या होत्या. त्यात आईनं दोन शोधल्या, एक उलटी पडलेली असूनही. कशी ओळखलीस म्हटलं, तर म्हणाली, दाबली की मागे उमटतं.

"हिरव्या ओढणीचं काय?" मी विचारलं. "तळघरातली रोटी गेली, आता तिची फळी राहिली तरी चालेल. कशाशी जुळवणार?"

"नको," रश्मी म्हणाली. "तळघरातलं एखादं आपल्याकडून राहून गेलं, तर जुळवायला दुसरं हाताशी नको. तिच्या घरची एकही रोटी नको फिल्ममध्ये."

हिरवी ओढणी फिल्ममधली सगळ्यांत गोड मुलगी होती. मी ती कापली. हुं की चूं केलं नाही.

चार वाजता आईनं डबा उघडून आम्हा दोघांच्या हातात खाजे दिले आणि चहा मागवायला लावला. चहा पिता पिता तिनं रश्मीला विचारलं, "तू अशी जातेस, तर घाटकोपरला तुझे बाबा काय करतात?"

"रोज सकाळी मी जिथे असेन तिथलं हवामान बघतात, मावशी. आई गेल्यापासून. मला फोनवर सांगतात, आज तुझ्याकडे थंडी आहे, स्वेटर घाल. गोळीबाराचं कधी विचारत नाहीत."

आईनं आणखी एक खाजा रश्मीच्या बशीत ठेवला आणि पडद्याकडे वळली.

सर्वांत वाईट जागा शेवटी सापडली. पन्नासाव्या मिनिटाला गल्लीचा एक साधा शॉट होता, चार सेकंदांचा. एक छोटी मुलगी पायरीवर बसून काहीतरी खातेय, मागे दार. मी आणि रश्मीनं मिळून हा शॉट शंभर वेळा पाहिला असेल. आई म्हणाली, "थांब." मग पडद्याजवळ गेली. नाक लागेल इतकी जवळ.

"ही तिच्याच घरची."

मुलीच्या हातात चतकोर रोटी उरली होती. मोठं करून पाहिलं. एका बोटाचा खळगा आणि रेघेचं टोक. रश्मी मागच्या मागे जमिनीवर बसली. "सुयोग, ते दार," ती म्हणाली. "तेच दार आहे. तळघराचं." बाकी सगळं झाकून आम्ही घराचं दार दाखवलं होतं, वर त्या घरची रोटी खाणारी पोर बसवली होती.

तो शॉट काढला. जागा भरायला भट्टीतल्या जाळाचा एक शॉट टाकला, नुसता जाळ. जिथे जिथे रोटी दिसत होती तेवढ्या जागा आईनं पुन्हा बघितल्या, तिच्या भाषेत डोळ्यांत तेल घालून. मग फाइल तयार केली, पाठवली. अपलोडची रेघ पुढे सरकायला लागली तेव्हा पाचला दहा कमी होते. त्या अर्ध्या तासात मी तीन वेळा बेसिनवर जाऊन तोंड धुतलं. पाच वाजून एकवीस मिनिटांनी रश्मीच्या फोनवर त्या माणसाचा निरोप आला. नवी फाइल मिळाली, लावली, जुनी काढून टाकली. तिनं तो निरोप मोठ्यांदा वाचला, मग पुन्हा एकदा वाचला, आणि आईच्या गळ्यात पडून लहान पोरीसारखी रडायला लागली. आई तिच्या पाठीवर थापटत होती. "झाला बाय, झाला," म्हणत होती. मी बाहेर पॅसेजमध्ये गेलो. खालच्या मशिनचा आवाज एवढा होता की मी तिथे रडलो ते कोणाला कळलं नसेल अशी माझी समजूत होती. आत आलो तर आईनं न बोलता पदर पुढे केला.

साडेसातला आम्ही तिघांनी तिथेच बसून फिल्म पाहिली, चॅनलवर, लोकांबरोबर. एकतिसावं मिनिट आलं. बाई बोलली, गप्प झाली. अकरा सेकंदं आता नुसती अंधारी भिंत होती. मी आईकडे बघत होतो. ती कपाळाला आठ्या घालून पडद्याकडे बघत होती.

"कोण ही?" मी विचारलं.

"माका काय म्हायत?" आई म्हणाली. "कोण का असंना. आसा खरी धीराची."

मला आजवर मिळालेली यापेक्षा चांगली शाबासकी नाही. भिंतीवरची दोन बक्षिसं मी त्यावरून ओवाळून टाकायला तयार आहे.

आठवड्याभरानं रश्मीचा फोन आला. ती इतकी हसत होती की मला पहिलं मिनिटभर काही कळलंच नाही. तिकडून निरोप आला होता, त्या मावशीचा स्वतःचा, दुभाष्यामार्फत. सगळ्या गल्लीनं बॅटरीवर टीव्ही लावून फिल्म पाहिली होती. मग तळघरातली बाई कोण यावर दोन दिवस चर्चा झाली. तीन नावं पुढे आली, तिन्ही चुकीची, तिन्ही गाव सोडून केव्हाच गेलेल्या बायांची. चर्चेत सगळ्यांत मोठ्यानं ही मावशीच बोलत होती. अगं, ती खालच्या आळीतली असणार, आपल्यातली एवढी शूर कोण आहे, म्हणे!

"आणि सुयोग, तिची तक्रार आहे," रश्मी म्हणाली. "म्हणाली, गल्लीतल्या झाडून सगळ्यांच्या रोट्या दाखवल्यास, माझ्याच घरची फळी कुठे गेली? माझ्यासारख्या रोट्या या गल्लीत कोणाच्या होत नाहीत आणि तू त्याच गाळल्यास. सूनबाई तर रुसून बसलीये."

"मग सांगितलंस का, कारण?"

"फोनवर कसं सांगू? तिकडे फोन कोण ऐकतं काय माहीत. मी फक्त चुकलं म्हटलं. माफी मागितली. ती म्हणाली, पुढच्या वेळी लक्षात ठेव."

मी हे आईला सांगितलं तेव्हा मला वाटलं ती हसेल. ती गंभीर झाली. म्हणाली, "खरंय बाईचं. मी असते ना, तर बोलले नसते तुमच्याशी."

दिवाळीच्या आधी चार दिवस आईनं नानकटाईचा घाट घातला. गेली बारा वर्षं ती विकतची आणत होती. बाभईनाक्याजवळच्या एका बेकरीवाल्याला तिनं पटवलं, दुपारी भट्टी रिकामी असते तेव्हा एक ट्रे भाजून दे म्हणून. रश्मीला तिनं स्वतः फोन करून बोलावलं होतं. आम्ही गेलो तर बेकरीच्या ओट्यावर साठ नानकटाया मांडलेल्या आणि आई एकेकीवर वाकून खूण करत होती. अंगठा नाही, जिऱ्याचा दाणा नाही.

बेकरीवाला बघत होता. "मावशी, ये कौनसा डिझाइन?"

"माझ्या मैत्रिणीचं आहे," आई म्हणाली. "ती लांब राहते."

रश्मी तिच्या शेजारी उभी राहिली. थोड्या वेळानं तिनंही हात धुतले आणि दुसऱ्या टोकापासून खूण करायला घेतली. मी नुसता बघत होतो. आईनं मला हात लावू दिला नाही, तू बोटं रुतवशील म्हणाली.

घरी आणून ताटात मांडल्यावर आईनं फोन काढला. "एक फोटो पाठव गं तिला. म्हणावं, तुझ्या रोट्या राहिल्या ना, ह्या बघ."

रश्मीनं फोन अक्षरशः हिसकावून घेतला. "मावशी! फोटो नाही!"

"अगो, हय बोरीवलीत कोण वळखता तिका?"

"हय नाही ओळखत. पण फोटो हय राहत नाही."

आई क्षणभर हिरमुसली. मग तिला पटलं. एरवी तिनं सोसायटीत घराघरांत बशा पाठवल्या असत्या, या वेळी दार लावून घेतलं. रश्मीनं भाऊरावांसाठीही एक नेली नाही. तिकडे निरोप फक्त एवढाच गेला, की तुमची आठवण काढून आमच्याकडे एक पदार्थ केला होता, फार छान झाला.

आम्हा तिघांना ताट संपवायला चार दिवस लागले. रश्मी रोज मरोळहून माझ्याबरोबर बोरीवलीला यायची, चहा घ्यायची, आणि भाऊराव तिला फोनवर सांगायचे की बोरीवलीत आज उकाडा आहे.

वर मी तीन बोटं आणि आडवी रेघ असं लिहिलंय. ती खूण तशी नव्हती. ओढणीही हिरवी नव्हती. त्या गल्लीबाहेर खरी खूण आई, रश्मी आणि मी, एवढ्यांनाच माहीत आहे, आणि आम्ही ती चहाबरोबर खाऊन टाकली.